कपाटातलं मोठं नाव : लेखक-कलावंत आईवडिलांच्या मागे मुलांच्या हाती काय येतं

तेराव्यापर्यंत घर भरलेलं असतं. वर्तमानपत्रवाले जुने फोटो मागून नेतात (त्यातले निम्मे परत येत नाहीत), शोकसभेत स्मारकाच्या गोष्टी होतात. मग माणसं पांगतात आणि उरतं ते कपाट. वह्या, पत्रांचे गठ्ठे, कॅसेटी, प्रकाशकाकडून आलेले रॉयल्टीचे हिशेब, दोन अंकांवर थांबलेलं नाटक. महिन्याभरात फोन सुरू होतात. कुणाला कविता संग्रहात घ्यायची असते, कुणाला नाटक स्पर्धेला करायचं असतं, कुणाला 'सरांवर' सिनेमा काढायचा असतो. फोन घेणारा मुलगा विमा कंपनीत नोकरीला, मुलगी न्यू जर्सीत, आणि हो म्हणायचा अधिकार आपल्याला आहे की नाही हेच दोघांना ठाऊक नसतं.

मोठ्या बापाची किंवा आईची सावली म्हटलं की आपण मनाबद्दल बोलतो. तुलना, अपेक्षा, 'अमक्यांचा मुलगा' ही जन्मभराची ओळख. या लेखात तिची दुसरी, कोरडी बाजू आहे. माणूस गेल्यावर ही सावली कागदावर उतरते आणि बिनपगारी नोकरी होऊन मुलांच्या गळ्यात पडते. नोकरीचे नियम मात्र कुणी समजावून देत नाही.

पहिली अडचण अशी की 'बाबांचं सगळं' ही एक वस्तू नसते. कायद्याच्या नजरेत त्या पाच निरनिराळ्या गोष्टी आहेत: कागद, कागदावरच्या शब्दांचा हक्क म्हणजे कॉपीराइट, त्यातून येणारा पैसा, लेखक म्हणून असलेला मान, आणि नाव-चेहरा. प्रत्येकीचा मालक वेगळा असू शकतो, प्रत्येकीची मुदत वेगळी असते, आणि शेवटची तर वारशात येतच नाही. घरातली बहुतेक भांडणं या पाचांची एकच मोट बांधल्यामुळे होतात.

वही एकाची, शब्द दुसऱ्याचे

हस्तलिखित ही वस्तू आहे, टेबल-खुर्चीसारखी. ती ज्याच्याकडे आली त्याची. त्यातला मजकूर छापायचा, भाषांतर करायचा, रंगमंचावर आणायचा हक्क वेगळा. वडिलांनी वही एखाद्या शिष्याला भेट दिली असेल तर वही शिष्याची, पण ती छापायची तर विचारायचं वारसांना. चित्रांचंही तसंच. चित्र विकलं गेलं म्हणजे त्याची कॅलेंडरं छापायचा हक्क विकला गेला असं होत नाही.

एक अपवाद ध्यानात ठेवायचा. लेखकानं मृत्युपत्रात 'माझ्या वह्या धाकटीला' असं लिहिलं आणि त्या वह्यांतलं लेखन तोवर अप्रकाशित असेल, तर मृत्युपत्रात उलट काही म्हटलं नसल्यास कॉपीराइटही धाकटीकडे गेला असंच धरलं जातं. कॉपीराइट कायदा १९५७ मधलं हे कलम २०. आठवण म्हणून वह्या द्याव्यात एवढाच बापाचा हेतू असतो आणि थोरल्याला दहा वर्षांनी कळतं की कादंबरी धाकटीची झाली.

पत्रांमध्ये सगळ्यात जास्त घोळ होतो. वडिलांनी लोकांना लिहिलेली पत्रं लोकांच्या ट्रंकेत असतात. कागद त्यांचा, मजकुराचा हक्क तुमचा. वडिलांना आलेली पत्रं तुमच्या कपाटात असतात. कागद तुमचा, हक्क लिहिणाऱ्याचा किंवा त्याच्या वारसांचा. म्हणजे 'निवडक पत्रव्यवहार' काढायचा तर वडिलांची बाजू तुम्ही छापू शकता, समोरच्याची बाजू छापायला त्या प्रत्येक घराचा होकार लागतो. चाळीस पत्रलेखक असतील तर चाळीस घरं. फोटोंचा हक्क बहुधा फोटो काढणाऱ्याकडे असतो, फोटोतल्या माणसाकडे नाही. पैसे देऊन काढून घेतलेला फोटो मात्र, वेगळा करार नसेल तर, काढून घेणाऱ्याचा.

वडील पत्रकार असतील तर आणखी एक गोष्ट पाहावी. वर्तमानपत्राच्या नोकरीत लिहिलेल्या सदरावर मालकाचा हक्क नियतकालिकात छापण्यापुरता असतो. करारात वेगळं नसेल तर त्याचं पुस्तक करायचा हक्क लेखकाकडेच राहतो. इतर नोकऱ्यांत कामाचा भाग म्हणून केलेलं लेखन साधारणपणे मालकाचं धरतात.

साठ वर्षं मोजायची कशी

साहित्य, नाटक, संगीतरचना, चित्र आणि आता फोटो यांचा कॉपीराइट निर्मात्याच्या हयातीत आणि मृत्यूनंतर साठ वर्षं असतो. मोजणी मृत्यूच्या तारखेपासून करत नाहीत, पुढच्या १ जानेवारीपासून करतात. आचार्य अत्रे १३ जून १९६९ ला गेले. मोजणी १ जानेवारी १९७० पासून, म्हणजे हक्क ३१ डिसेंबर २०२९ पर्यंत. गदिमा १४ डिसेंबर १९७७ ला गेले, म्हणून २०३७ ची अखेर. पु. ल. देशपांडे २००० मध्ये गेले, म्हणून २०६० ची अखेर. साने गुरुजींचं लेखन १ जानेवारी २०११ ला खुलं झालं, म्हणूनच 'श्यामची आई' आज इतक्या वेगवेगळ्या प्रकाशकांच्या नावांनी दुकानात दिसते.

ही मुदत आधी पन्नास वर्षं होती. रवींद्रनाथ टागोर १९४१ मध्ये गेले आणि त्यांनी स्थापन केलेल्या विश्वभारती विद्यापीठाकडचा त्यांच्या लेखनाचा हक्क १९९१ च्या अखेरीस संपणार होता. तेव्हा कायदा बदलून मुदत साठ केली गेली आणि तो २००१ च्या अखेरपर्यंत टिकला. जुन्या पुस्तकांत किंवा काकांच्या बोलण्यात 'पन्नास वर्षं' भेटतात ती इथून.

मरणोत्तर प्रकाशनाचा हिशेब निराळा. लेखक गेला तेव्हा जे छापलेलं नव्हतं, त्याची साठ वर्षं प्रकाशनानंतरच्या जानेवारीपासून धरतात. बहिणाबाई चौधरी ३ डिसेंबर १९५१ ला गेल्या आणि त्यांच्या गाण्यांचं पुस्तक १९५२ मध्ये आलं. मोजणी १९५३ पासून, शेवट ३१ डिसेंबर २०१२. मृत्यूवरून मोजलं असतं तर एक वर्ष आधी संपलं असतं. (त्यांच्या घरची सावली उलट दिशेनं पडली. सोपानदेव आधी कवी म्हणून माहीत होते, आईची गाणी जगासमोर आणण्यात त्यांचाच पुढाकार होता, आणि आज त्यांची ओळख बहिणाबाईंचा मुलगा अशी करून द्यावी लागते.) एक वर्षाचा फरक किरकोळ वाटेल, पण वडिलांची कपाटात राहिलेली कादंबरी २०३० मध्ये छापली तर तिचा हक्क २०९० पर्यंत चालेल, वडील कधीही गेलेले असोत.

गाणाऱ्या-वाजवणाऱ्यांच्या घरी हे गणित लागू पडत नाही. गायकाच्या सादरीकरणाचा हक्क मैफल झाल्याच्या पुढच्या जानेवारीपासून पन्नास वर्षं, आणि ध्वनिमुद्रणाचा कॉपीराइट ध्वनिमुद्रिका प्रसिद्ध झाल्यापासून साठ वर्षं. म्हणजे आई हयात असतानाच तिच्या तरुणपणीच्या मैफलीवरचा तिचा हक्क संपलेला असू शकतो. ध्वनिमुद्रिकेचा हक्क तर सहसा ती काढणाऱ्या कंपनीकडेच असतो.

पुस्तकाच्या दुसऱ्या पानावरची 'सौ.'

मराठी पुस्तकांची एक खास रीत आहे. पहिलं पान उलटलं की '© सौ. अमुकतमुक', म्हणजे लेखकाची बायको. प्रेमापोटी, कराच्या सल्ल्यानं किंवा सगळे तसंच करतात म्हणून. मुलांना वाटतं हक्क आईचे. पण छापलेली ओळ हा करार नव्हे. कॉपीराइट दुसऱ्याला द्यायचा तर लेखी दस्त लागतो, त्यावर देणाऱ्याची सही लागते. तसा दस्त असेल तर हक्क आईचे आणि तिच्यानंतर तिच्या वारसांचे. नसेल तर ते वडिलांचेच राहिले आणि वडिलांचे वारस म्हणून सगळ्यांत विभागले गेले. घरात दोन लग्नं, सावत्र भावंडं असतील तर या फरकावर कोर्टात वर्षं जातात. मालक कुणीही झाला तरी साठ वर्षं लेखकाच्याच मृत्यूवरून मोजायची, आईच्या नाही.

त्यामुळे कपाटातून सगळ्यात आधी काय शोधायचं तर करारपत्रं, कवितांच्या आधी. करारात कोणतं पुस्तक, कोणते हक्क, किती वर्षं, कुठल्या प्रदेशासाठी, किती मोबदला हे लिहिलेलं हवं. मुदत लिहिलीच नसेल तर कायदा ती पाच वर्षं धरतो. प्रदेश लिहिला नसेल तर फक्त भारत. आणि हक्क घेतलेल्यानं वर्षभरात तो वापरलाच नाही, तर करारात वेगळं ठरलं नसल्यास तो हक्क त्याच्याकडून सुटतो. हे नियम १९९४ च्या दुरुस्तीत आले, म्हणून त्याआधीचा जुना करार वकिलाला दाखवल्याशिवाय 'सुटला' असं धरून चालू नये. 'सर्व हक्क प्रकाशकाधीन' अशा एका ओळीवर घाबरून जायचंही कारण नाही. त्या ओळीमागे सही केलेला कागद आहे का, एवढंच विचारायचं.

करार सापडला नाही तर प्रकाशकाला साधं पत्र लिहावं: कराराची प्रत, आजवरच्या आवृत्त्यांची यादी, शेवटच्या तीन वर्षांचा विक्रीचा हिशेब आणि शिल्लक प्रतींचा आकडा. ईमेल आणि रजिस्टर पोस्ट दोन्ही. फोनवर 'बघतो' हे उत्तर अनेक वर्षं पुरतं.

सह्या किती जणांच्या

मृत्युपत्र असेल तर ते पाहायचं. त्याला दोन साक्षीदारांच्या सह्या लागतात. नोंदणी सक्तीची नाही, केलेली असली तर बरी. मृत्युपत्र नसेल तर हिंदू पुरुषाच्या बाबतीत बायको, मुलगे, मुली आणि त्याची आई हयात असल्यास ती, असे सगळे सारख्या वाट्याचे. लग्न होऊन गेलेली मुलगी त्यात आहे, परदेशी नागरिक झालेली मुलगीही आहे. मुस्लिम कायद्यात मृत्युपत्रानं एक तृतीयांशापेक्षा जास्त द्यायला वारसांची संमती लागते. गोव्यात तर चित्रच वेगळं: लग्नानंतर मालमत्ता साधारणपणे नवरा-बायकोची सामाईक असते आणि मुलं असताना स्वतःच्या वाट्यातला अर्धाच भाग मृत्युपत्रानं हवा तिकडे देता येतो. गोव्याच्या लेखकाचे वारस पुण्यातल्या ओळखीच्या वकिलाकडून कागद करून घेतात तेव्हा हेच राहून जातं.

बँकेत ज्याचं नाव नामांकनात आहे तो मालक, हा समजही सोडून द्यावा. नामांकित माणूस पैसे घेऊन इतर वारसांसाठी सांभाळणारा असतो. रॉयल्टी ज्याच्या खात्यात येते त्याच्याबद्दलही हेच.

वारस चार असतील तर परवानगीवर चौघांच्या सह्या हव्यात. एकट्यानं दिलेली परवानगी पुढे टिकत नाही, आणि अनुभवी प्रकाशक ती घेतही नाही. म्हणून पहिल्या वर्षातच दोन कागद करावेत. एक, कुटुंबातला करार: कोण पत्रव्यवहार पाहणार, किती रकमेपर्यंतची परवानगी तो एकटा देऊ शकतो, कशासाठी सगळ्यांना विचारायचं (सिनेमा, संपूर्ण वाङ्मयाची आवृत्ती, हस्तलिखितांची विक्री), पैसे कधी वाटायचे. दोन, त्या माणसाच्या नावानं कुलमुखत्यारपत्र, म्हणजे बाकीच्यांच्या वतीनं सही करायचा लेखी अधिकार. परदेशातल्या भावंडानं ते तिथल्या भारतीय वकिलातीत किंवा तिथल्या पद्धतीनं साक्षांकित करून पाठवायचं, आणि इथं पोचल्यापासून तीन महिन्यांच्या आत त्यावर मुद्रांक शुल्क भरायचं. ही तीन महिन्यांची अट विसरली की ऐन वेळी कागद अडतो.

काम पाहणाऱ्यानं वेगळं बँक खातं आणि वेगळा ईमेल पत्ता ठेवावा. स्वतःच्या पगाराच्या खात्यात बापाची रॉयल्टी मिसळली की तीन वर्षांनी बहिणीला हिशेब देता येत नाही.

पैसा : अपेक्षा आणि आकडे

बाहेरच्यांना वाटतं, एवढा मोठा लेखक, मुलं बसून खात असतील. मराठी पुस्तकावर रॉयल्टी साधारण छापील किमतीच्या दहा ते पंधरा टक्के असते. तीनशे रुपयांचं पुस्तक, हजार प्रतींची आवृत्ती आणि दहा टक्के धरले तर पूर्ण आवृत्तीचे तीस हजार. ती संपायला तीन वर्षं लागली तर वर्षाला दहा हजार, तीन भावंडांत प्रत्येकी तीन हजार तीनशे तेहतीस. या रकमेवरून सख्खी भावंडं एकमेकांशी बोलेनाशी होतात, याचं कारण रकमेत नसतंच. 'बाबांचं कोण बघतंय' हा मान त्यात असतो, आणि तो मान कुणाला किती हे कुठल्याच हिशेबात लिहिलेलं नसतं.

नाटकाचं थोडं बरं. तिथं प्रयोगामागे मानधन ठरतं. व्यावसायिक निर्मात्याशी करार करताना प्रयोगाची रक्कम, प्रयोगांचा अहवाल दर महिन्याला, भाषांतराचे आणि चित्रीकरणाचे हक्क राखून ठेवणं, आणि किती महिने प्रयोग न झाल्यास करार संपेल, ही चार कलमं बघावीत. हौशी संस्थांना स्पर्धेसाठी परवानगीचं पत्र लागतं. त्याचा एक ठरावीक मसुदा करून ठेवला की दरवेळी डोकं लावावं लागत नाही. शाळेच्या स्नेहसंमेलनात मुलं, शिक्षक आणि पालक यांच्यापुरतं नाटक केलं, किंवा हौशी मंडळानं तिकीट न लावता केलं, तर कायद्यानं परवानगी लागत नाही. अशा शाळेकडून पैसे मागणारे वारस पाहिले की मूळ लेखकाबद्दल वाईट वाटतं.

गीतकार आणि संगीतकारांच्या मुलांनी इंडियन परफॉर्मिंग राइट सोसायटी, म्हणजे आयपीआरएस, हे नाव लक्षात ठेवावं. गीत-संगीताच्या सार्वजनिक वापराची रॉयल्टी ती गोळा करते आणि वारसांना तिचं सदस्य होता येतं. मृत्यूचा दाखला, वारस असल्याचा पुरावा, बाकीच्या वारसांचं ना हरकत आणि गाण्यांची यादी लागते. यादीत गाण्याचं नाव, चित्रपट किंवा ध्वनिमुद्रिका, वर्ष, गायक, गीतकार आणि संगीतकार हवेत; नुसत्या पहिल्या ओळीवर नोंद नीट जुळत नाही. २०१२ च्या दुरुस्तीनं गीतकार-संगीतकाराचा हा रॉयल्टीचा हक्क असा बांधला आहे की तो वारस किंवा अशी संस्था सोडून कुणाला देऊन टाकता येत नाही, चित्रपटगृहात दाखवला जाणारा सिनेमा तेवढा वगळून. त्याआधीच्या गाण्यांना मूळ करार पाहावा लागतो.

चित्रकारांच्या घरी एक तरतूद ऐकून सगळे चकित होतात. मूळ चित्र, शिल्प किंवा हस्तलिखित पुन्हा विकलं गेलं आणि किंमत दहा हजारांवर असेल, तर लेखक-कलावंत किंवा त्याच्या वारसांना त्यात जास्तीत जास्त दहा टक्के वाटा मागता येतो. कलम ५३ अ. कागदावर सुंदर, पण विक्री झाल्याचं वारसांना कळवतं कोण?

मान, नाव आणि चेहरा

कॉपीराइट विकला तरी लेखकाकडे दोन गोष्टी राहतात: हे लिहिणारा मी, असं म्हणण्याचा हक्क, आणि लेखनाची मोडतोड करून लौकिकाला धक्का लावला तर अडवण्याचा हक्क. कलम ५७. लेखकामागे हे दोन्ही त्याचे कायदेशीर प्रतिनिधी वापरू शकतात, आणि २०१२ पासून त्याला साठ वर्षांची मर्यादाही उरलेली नाही. दिल्लीतल्या विज्ञान भवनातलं शिल्पकार अमरनाथ सेहगल यांचं भित्तिशिल्प सरकारनं काढून टाकलं, त्यात त्याचं नुकसान झालं; २००५ मध्ये उच्च न्यायालयानं ते परत करायला आणि पाच लाख भरपाई द्यायला सांगितलं. त्या वेळी सेहगल स्वतः हयात होते.

पण हे कलम काठीसारखं वापरलं की फसतं. लौकिकाला धक्का बसला हे दाखवावं लागतं, 'आम्हाला आवडलं नाही' एवढं पुरत नाही. समीक्षकानं चार उतारे घेऊन वडिलांना दुय्यम लेखक ठरवलं तर ज्याची त्याला मुभा आहे तेच त्यानं केलं. आणि पुस्तक नुसतं दाबून धरलं, पुन्हा छापू दिलंच नाही, तर सक्तीच्या परवान्यासाठी, म्हणजे मालकानं नाकारूनही छापायला मिळणाऱ्या परवानगीसाठी, दुसऱ्याला दाद मागता येते.

आता नाव आणि चेहरा. सिनेमावाले 'आयुष्याचे हक्क' विकत मागतात आणि मुलांना वाटतं आपल्याकडे तसं काही आहे. भारतीय न्यायालयांचा कल उलट आहे. जयललितांच्या भाचीच्या प्रकरणात २०२१ मध्ये मद्रास उच्च न्यायालयानं, आणि सुशांतसिंह राजपूतच्या वडिलांच्या दाव्यात जुलै २०२३ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयानं, खाजगीपण आणि प्रसिद्धीचा हक्क माणसाबरोबरच संपतो, तो वारशात येत नाही, असं म्हटलं. घडलेल्या गोष्टींवर कुणाचा कॉपीराइट नसतो. अशा करारात मुलं खरं तर तीन गोष्टी विकतात: कविता-गाणी वापरायची परवानगी, कपाटातले कागद-फोटो पाहू देणं, आणि 'कुटुंबाचा पाठिंबा' ही जाहिरातीतली ओळ. हे समजून बसलं की किंमतही नीट ठरते आणि पटकथा आधी वाचायला मिळावी ही अट लेखी घालता येते.

मृत व्यक्तीच्या बदनामीचं तेवढं एक दार उघडं आहे. भारतीय न्याय संहितेच्या कलम ३५६ मध्ये, माणूस जिवंत असता तर त्याची बदनामी झाली असती आणि हेतू कुटुंबीयांच्या भावना दुखावण्याचा आहे, अशा मजकुराचा समावेश होतो. आणि वडिलांच्या नावानं कुणी मसाले किंवा अकादमी काढून ट्रेडमार्क मागितला, तर मृत्यूला वीस वर्षं झालेली नसल्यास ट्रेडमार्कचा निबंधक वारसांची लेखी संमती मागू शकतो. त्यासाठी अर्जावर लक्ष ठेवून वेळेत हरकत घ्यावी लागते. संगणकानं बनवलेल्या नकली आवाजाबद्दल मुंबई उच्च न्यायालयानं २०२४ मध्ये अरिजित सिंगला संरक्षण दिलं, पण तो जिवंत गायक. गेलेल्या गायकाच्या मुलांना आज तरी मूळ ध्वनिमुद्रणावरच्या हक्काचाच मुख्य आधार आहे.

कपाट उघडताना

घाईनं लावायला घेऊ नये. कागद ज्या क्रमानं सापडले त्या क्रमाचे आधी फोटो काढावेत. कुठल्या वहीत कुठलं पत्र खोचलं होतं यावरून पुढे तारीख लागते. मग टाचण्या, स्टेपलच्या पिना, रबरबँड काढायचे. गंजलेली पिन ओढायची नाही, मागून पाकळ्या उघडून सोडवायची. सेलोटेप कधीही लावू नये. तिचा डिंक पिवळा पडून शाईत उतरतो. लॅमिनेशन तर नकोच, ते परत काढता येत नाही. पानावर खूण करायची तर मऊ पेन्सिलनं, कोपऱ्यात. ठेवायला आम्लरहित कागदाच्या फायली, लोखंडी कपाट, भिंतीपासून चार बोटं दूर. कसर आणि बुरशी दमटपणावर वाढतात, म्हणून आर्द्रता पन्नास टक्क्यांच्या आसपास राहील असं पाहावं. मुंबई-कोकणात पावसाळ्यात ती याच्या कितीतरी वर जाते, तेव्हा आर्द्रता मोजायचं छोटं यंत्र कपाटात ठेवणं स्वस्त पडतं. वेखंडाचे तुकडे पोथ्यांच्या रुमालात ठेवायची जुनी पद्धत चांगली आहे, डांबरगोळ्या मात्र फोटो आणि प्लास्टिकजवळ नकोत. पान भिजलंच तर ओलं असताना सोलू नये. मधे टिपकागद घालून, पंख्याच्या वाऱ्यावर, ऊन न दाखवता वाळवावं.

स्कॅनिंग ४०० डीपीआयला, रंगीत, टिफ स्वरूपात. ए-४ आकाराचं एक पान सेहेचाळीस एमबीच्या आसपास होतं, म्हणजे पाच हजार पानं २३० जीबी. तीन प्रती कराव्यात, दोन निरनिराळ्या प्रकारच्या साठ्यांवर, त्यातली एक दुसऱ्या गावी. फाइलचं नाव 'बाबा नवीन १' असं ठेवलं की दोन वर्षांनी कुणालाच काही सापडत नाही. वही क्रमांक, पान क्रमांक एवढंच पुरे, उदाहरणार्थ 'वही०७_पान०४२'.

कॅसेट वाजवण्याआधी वरच्या कडेच्या दोन प्लास्टिक पट्ट्या तोडाव्यात, म्हणजे चुकून पुसली जाणार नाही. फितीवर पांढरी भुकटी दिसली तर ती बुरशी असते, तशी कॅसेट यंत्रात घालू नये. १२० मिनिटांच्या कॅसेटची फीत पातळ असते आणि तुटते. ती शेवटी आणि जाणकाराकडून करून घ्यावी. चांगल्या दर्जाचं अंकीकरण, चोवीस बिट आणि शहाण्णव किलोहर्ट्झ, तासाला साधारण दोन जीबी घेतं.

एक इशारा परदेशातल्या भावंडांसाठी. ऐतिहासिक किंवा वाङ्मयीन मोलाचं पंच्याहत्तर वर्षांहून जुनं हस्तलिखित १९७२ च्या कायद्यानं पुरावस्तू ठरतं आणि देशाबाहेर नेता येत नाही. आजोबांची १९४० ची वही आठवण म्हणून बॅगेत टाकणं महागात पडू शकतं.

संस्थेला देताना

घरात सांभाळणं जमत नसेल तर मुंबई मराठी ग्रंथसंग्रहालय, पुण्याची महाराष्ट्र साहित्य परिषद, भारत इतिहास संशोधक मंडळ, मुंबईची एशियाटिक सोसायटी, चित्रपटाशी संबंधित असेल तर पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय अशी दारं आहेत. आधी स्वतः जाऊन तिथला साठा कसा ठेवला आहे ते पाहावं, आणि आपले कागद त्यांना हवे आहेत का हेही विचारावं. मग दानपत्र. त्यात स्पष्ट लिहायचं की कागद दिले, कॉपीराइट दिला की नाही. वाचकांना कधीपासून पाहू द्यायचे. हयात माणसांची खाजगी पत्रं किती वर्षं मिटलेली ठेवायची. स्कॅनची एक प्रत कुटुंबाला. संस्था बंद पडली किंवा तिनं संग्रह विकायला काढला तर कागद कुठे जातील. सोबत पानांच्या संख्येसह यादी, दोन्ही बाजूंच्या सह्या. 'दोन ट्रंका, जुनी कागदपत्रे' अशा पावतीवर दिलेल्या ट्रंकेत काय होतं ते नंतर सिद्ध होत नाही.

मुलगा किंवा मुलगी स्वतः लिहिणारी असेल तर वडिलांची अर्धी राहिलेली कादंबरी पुरी करायचा मोह होतो. केली तर जिथून आपली वाक्यं सुरू होतात तिथं खूण करावी, प्रस्तावनेत सांगावं, मुखपृष्ठावर स्वतःचं नाव वेगळं टाकावं. शिरीष पै अत्र्यांची मुलगी होत्या आणि मराठी हायकू म्हटलं की त्यांचंच नाव निघतं. श्रीधर फडके यांनी सुधीर फडक्यांच्याच क्षेत्रात स्वतःच्या चाली बांधल्या. बापाच्या वाक्यात आपलं वाक्य बेमालूम मिसळून दिलं तर पुढचा अभ्यासक दोघांवरही विश्वास ठेवत नाही.

आणि यादी करताना घरच्या पत्रांचा गठ्ठा आधी बाजूला काढावा. आईनं वसतिगृहात पाठवलेली, फीचे पैसे मिळाले का आणि स्वेटर धुतलास का एवढंच विचारणारी पत्रं. कागद तुमचा, वारस म्हणून शब्दांत तुमचा वाटा, आणि दानपत्रात त्यांचा उल्लेख करावा असं कुठल्याही कलमात लिहिलेलं नाही.